दोनशे चाळीस खुणांची फीत

मी बोलतेय, ही खिडकीखालची शिलाई मशीन. दचकू नका. जन्मभर खडखड केली तेव्हा कोणी लक्ष दिलं नाही, म्हणून आता जरा शब्दांत बोलून बघते. माझा एक स्क्रू ढिला आहे असं कोणी म्हणालं तर तेही खरं आहे, मागचा, डावीकडचा. पण डोकं अजून ठिकाणावर आहे.

माझा जन्म एका ओतशाळेतला. तापलेलं लोखंड साच्यात ओतलं, निवल्यावर काळा रंग दिला आणि मानेवर सोनेरी वेलबुट्टी काढली. ती वेलबुट्टी आता शोधावी लागते. माझे पहिले मालक शिंपी होते, सगळे त्यांना मास्तर म्हणायचे. त्यांनी माझ्यावर कोट शिवले, दुसऱ्या कोणाला मला हात लावू दिला नाही आणि दर आठवड्याला न चुकता तेल घातलं. पुढे त्यांचे हात थरथरायला लागले आणि त्यांनी दुकान आवरलं. मला विकताना नव्या मालकिणीला त्यांनी एवढंच सांगितलं, "हिला कितीही काम सांगा, ही नाही म्हणायची नाही. म्हणून कधी थांबायचं ते तुम्हीच ठरवा." मालकिणीने मान डोलावली. मान डोलवायला काय जातं!

मालकीण तेव्हा तरुण होती. कडेवर लेक, आणि नवरा लिफ्ट दुरुस्त करणारा. भाड्याच्या दोन खोल्यांत राहायची. तिथला घरमालक भिंतीतले खिळे मोजणारा माणूस. कॅलेंडर लावायचं तरी विचारायला लागायचं, आणि दर वर्षी भाडं वाढायचं ते न विचारता. लिफ्टवाल्याच्या डोक्यात तेव्हापासून एकच खूळ शिरलं होतं: आपलं घर, आणि त्याच्या भिंतीत मन मानेल तिथे ठोकलेला खिळा.

घर पाहावं बांधून म्हणतात. यांनी बांधलेलं पाहिलं. तिसरा मजला, दोन खोल्या, स्वयंपाकघर, पूर्वेला खिडकी. इमारतीला लिफ्ट नव्हती, म्हणूनच ते परवडलं. गावभरच्या लिफ्टा चालू ठेवणारा माणूस स्वतः रोज जिने चढणार, यावर नवराबायको त्या दिवशी पोट धरून हसली. पुढे जिने चढून चढून ते हसू हळूहळू कमी झालं.

कर्ज वीस लाखांचं, मुदत वीस वर्षं. बँकेत यांनी विचारलं एकच: महिन्याचा हप्ता किती? सतरा हजारांच्या वर, असं उत्तर आलं. मग माझ्याच टेबलावर हिशेब झाला. लिफ्टवाल्याचा पगार, त्यातून घरखर्च वजा, आणि खाली खड्डा राहिला. "तेवढं मी शिवून काढते," मालकीण म्हणाली. तो खड्डा माझ्या भरवशावर होता, आणि मला कोणी विचारलंसुद्धा नाही.

माणसांची मला एक गंमत वाटते. भाजी घेताना जुडीमागे घासाघीस करतील, पिशवी भरल्यावर "सगळे मिळून किती झाले?" विचारतील, सुटे पैसे दोनदा मोजतील. घर घेताना मात्र महिन्याचं विचारून गप्प बसतात. एकूण आकडा विचारायला भीती वाटते की काय, कोण जाणे.

नव्या घरात लिफ्टवाल्याने पहिलं काम केलं ते खिळा ठोकायचं. दाराशेजारी, डोक्याच्या चांगला हातभर वर, कोणालाही न विचारता. आता खिळ्याला काहीतरी लटकवायला हवं. खिडकीच्या पडद्यांचं निळं कापड उरलं होतं. मालकिणीने त्याच्या पट्ट्या कापून मला एकाला एक जोडायला लावल्या आणि त्या लांबलचक फितीवर अर्ध्या-अर्ध्या बोटाच्या अंतरावर लाल धाग्याची आडवी शिवण घालून घेतली. अशा दोनशे चाळीस खुणा, वीस वर्षांचे तेवढेच हप्ते. दर महिन्याला हप्ता गेला की फितीचं खालचं टोक एका खुणेवर कापायचं, असा त्यांनी नेम केला. कात्री लेकीच्या हातात द्यायची. बाप म्हणायचा, "एक वीट आपली झाली." कापलेला तुकडा मालकीण स्टुलावरच्या उशीत कोंबायची, आणि त्याच उशीवर बसून पुढच्या महिन्याची शिलाई सुरू करायची.

मोठी देखणी रीत होती. मलाही तिचा अभिमान वाटायचा, कारण त्या खुणा माझ्या होत्या. पण त्या फितीने या भोळ्या माणसांना एक चुकीचा धडा शिकवला. प्रत्येक तुकडा सारखा, म्हणून प्रत्येक हप्त्यात घराचा वाटाही सारखा, असं ते धरून चालले.

पाचव्या वर्षी लिफ्टवाल्याच्या कंपनीने जुनी थकबाकी दिली. लाखभर आले एकदम. वरच्या मजल्यावर एक निवृत्त शिक्षक राहायचे, कॉलर उलटवून घ्यायला माझ्याकडे यायचे. ते म्हणाले, हे पैसे मुद्दलात भरून टाका. लिफ्टवाला हसला. म्हणाला, "सर, फीत महिन्याला एकच तुकडा सोडते. आज जास्त भरून परवाचा महिना उद्या थोडाच येणार आहे?" शिक्षकांनी समजवायला तोंड उघडलं, पण तेवढ्यात विषय सोफ्यावर गेला होता.

सोफा आला. जाडजूड, मखमली. मी त्याच्याविषयी वाईट बोलणार नाही. एवढंच सांगते की आल्या दिवसापासून तो बसून आहे आणि त्याच्याआधी आलेली मी उभी आहे.

त्यानंतर बाहेर कुठे व्याजाचे दर वाढले. शेजारीपाजारी धास्तावले. लिफ्टवाल्याच्या फोनवर बँकेचा निरोप आला आणि त्याने तो मोठ्याने वाचला, "आपल्या हप्त्यात बदल झालेला नाही." पुढेही एक वाक्य होतं. पण एवढं चांगलं वाक्य वाचल्यावर पुढचं कोण वाचतं? त्याने फोन खिशात टाकला आणि सगळ्यांसाठी आईस्क्रीम आणलं. दीडेक वर्षाने दर पुन्हा वाढले, तसाच निरोप आला, आणि पुन्हा आईस्क्रीम आलं. फीत आपली खिळ्याला शांत लोंबत होती.

वर्षं गेली ती पँटा आखूड करण्यात. चेन बदला, बाही कमी करा, कंबर ढिली करा. माणसाची कंबर वाढण्याचं काम मात्र कधी थांबत नाही, त्यामुळे गिऱ्हाइकाला तोटा नव्हता. पायडल मारून मालकिणीचे पाय सुजायला लागले तेव्हा मला एक छोटी मोटर लावली. पाय सुटले, मग खांदा धरला. लेक शाळा संपवून मोठी झाली, दातांच्या दवाखान्यात कामाला लागली, लग्न होऊन भाड्याच्या घरात राहायला गेली. पण महिन्यातून एकदा तुकडा कापायला यायचीच. लिफ्टवाल्याचे गुडघे कुरकुरायला लागले. लिफ्टच्या खड्ड्यात उतरताना त्याला आता दुसऱ्याचा हात लागायचा.

डॉक्टरांनी मालकिणीला सांगितलं, हा खांदा वाचवायचा तर शिवण बंद करा. ती म्हणाली, "सातच तुकडे राहिलेत. मग बंदच करणार आहे."

शेवटचे महिने घरात सणासारखे गेले. फीत जमिनीपासून हातभर वर आली, मग गुडघ्याच्या वर, मग खिळ्यापाशी नुसती जिभेएवढी उरली. नोकरी सोडायची आणि दोघांनी समुद्र बघायला जायचं ठरलं. लिफ्टवाल्याने राजीनामा देऊनही टाकला. मालकिणीने फुलाफुलांचं छान जाड कापड आणलं आणि माझ्यासाठी झाकण शिवलं. माझ्यावरच शिवलं म्हणा, दुसरी मशीन कुठून आणणार! शेवटचा तुकडा लेकीने कापला तेव्हा तिघंही रडली. मालकिणीने मला पोटभर तेल घातलं, अंगावरून हात फिरवला आणि झाकण घातलं. मास्तरांनंतर इतक्या वर्षांनी कोणीतरी मला थांब म्हणालं. खरं सांगते, मला भरून आलं. एकदाचं घोडं गंगेत न्हालं असं वाटलं.

दुसऱ्या दिवशी दोघं ठेवणीतले कपडे घालून घराचे कागद आणायला बँकेत गेली. मी सोबत नव्हते. पण तिथे झालेलं बोलणं पुढे माझ्या टेबलापाशी इतक्यांदा झालं की मी तिथेच असल्यासारखं मला पाठ आहे.

टेबलापलीकडे एक चष्मेवाली तरुण अधिकारी होती. तिने लिफ्टवाल्याला बसायला सांगितलं, पडद्यावर बघितलं, पुन्हा बघितलं.

"काका, अजून एकसष्ट हप्ते आहेत."

"चूक होतेय मॅडम. मी एकही चुकवलेला नाही. दोनशे चाळीस झाले, माझ्या लेकीने कापलेत."

कापलेत म्हणजे काय, ते तिला कळलं नाही. पण ती भली होती, तिने घाई केली नाही. दर दोनदा वाढला, तेव्हा हप्ता तोच ठेवला आणि त्याऐवजी मुदत वाढवली, असं तिने सांगितलं. तसं तेव्हाच कळवलंही होतं. लिफ्टवाल्याला बहुतेक आईस्क्रीम आठवलं असेल. दुष्काळात तेरावा महिना म्हणतात; याच्या वाट्याला पाच वर्षांचे महिने आले.

मग तिने समजावलं. सुरुवातीच्या सतरा हजारांतले चौदा हजार व्याजाचे होते, घराचे जेमतेम तीन. कारण व्याज राहिलेल्या मुद्दलावर लागतं, आणि सुरुवातीला सगळंच मुद्दल राहिलेलं असतं. पहिली तीन वर्षं सव्वासहा लाख भरले, त्यात कर्ज सव्वा लाखाच्या आसपास उतरलं. पाचव्या वर्षी ते लाखभर मुद्दलात घातले असते तर शेवटचे तीसहून जास्त हप्ते तेव्हाच गळून पडले असते.

तेव्हा मालकीण पहिल्यांदा बोलली. जो प्रश्न तिने प्रत्येक भाजीवाल्याला विचारला होता, तो तिने इतक्या वर्षांनी बँकेत विचारला.

"सगळे मिळून किती झाले?"

अधिकाऱ्याने बटणं दाबली आणि आवाज खाली आणून सांगितलं, "शेवटचा हप्ता जाईपर्यंत बावन्न लाखांच्या वर, काकू." वीस लाखांच्या कर्जाचे बावन्न लाख.

दोघं घरी आली तेव्हा तीन मजल्यांना त्यांना फार वेळ लागला. लिफ्टवाला सोफ्यावर बसला, बूटसुद्धा काढले नाहीत. म्हणाला, "अगं, लिफ्टच्या दुसऱ्या टोकाला वजन लावलेलं असतं. आत बसलेल्याला ते दिसत नाही. मला तर माहीत होतं ना. जन्मभर तेच काम केलं मी."

मालकीण माझ्यापाशी आली, हिशेब माझ्या भाषेत करत राहिली. पहिल्या वर्षांत पाच पँटा आखूड केल्या तर चार व्याजासाठी आणि एक घरासाठी. चार व्याजासाठी, एक घरासाठी. मग तिने माझं झाकण काढलं. एक दिवस मिळाला होता मला. मला स्वतःचं वाईट वाटलं, खोटं कशाला बोलू? पण तिचा उजवा हात खांद्याच्या वर जात नव्हता, झाकण तिने डाव्या हाताने ओढून काढलं, ते पाहून मला तिचं जास्त वाईट वाटलं.

निळं कापड केव्हाच संपलं होतं. तिने ते फुलाफुलांचं झाकणच कापलं. पट्ट्या केल्या, जोडल्या, लाल धाग्याने एकसष्ट खुणा घातल्या. माझ्या विश्रांतीचं कापड माझ्याच सुईखालून गेलं आणि दाराशेजारच्या खिळ्याला लटकलं. लिफ्टवाला राजीनामा परत घ्यायला गेला, पण त्याच्या जागी माणूस आला होता. जुन्या ओळखीवर त्याला अर्ध्या दिवसाचं, बसून तारा तपासायचं काम मिळालं.

आणि त्याच आठवड्यात लेक आली, चेहरा फुललेला. तिला घर मिळालं होतं. नवी इमारत, सातवा मजला, लिफ्टसुद्धा. तिला अजून बँकेतलं काही कोणी सांगितलं नव्हतं. खिळ्यावरच्या फुलांच्या फितीकडे तिचं लक्षही गेलं नाही.

"तीस वर्षांचं घेतलं की हप्ता अगदी आरामात बसतो, आई," ती म्हणाली. "बाबा, तुमची सही लागेल फक्त. आणि हो, मला पण फीत शिवून दे हं."

लिफ्टवाल्याने बायकोकडे बघितलं. मालकीण म्हणाली, "देते की. पुढच्या आठवड्यात ये."

तिने चष्मेवालीला फोन करून लेकीच्या कर्जाचं वर्षावर्षाचं विचारून घेतलं, किती व्याज आणि किती मुद्दल. या फितीला तीस तुकडे ठेवले, वर्षाला एक, वीतभर लांब. प्रत्येक तुकड्यात जेवढं व्याज तेवढं लाल कापड आणि जेवढं घर तेवढं पांढरं. खांदा दुखत होता म्हणून थोडं थोडं करून चार दुपारी आम्ही शिवत होतो. मी पुष्कळ शिवलं आयुष्यात, पण लाल कापड संपलं म्हणून दोनदा दुकानात जावं लागलं ते याच कामात.

लेक आली. मालकिणीने फितीचं एक टोक तिच्या हातात दिलं आणि दुसरं घेऊन बाप चालत निघाला. खोलीतून पलीकडच्या खोलीत, तिथून वळून पुन्हा सोफ्यापर्यंत. सुरुवातीच्या तुकड्यात पांढरं नखाएवढं होतं. लेक फितीवर बोट फिरवत चालत राहिली. लाल, लाल, लाल. तेविसाव्या तुकड्यावर कुठे लाल-पांढरं समसमान झालं.

"हे लाल काय आहे?" तिने शेवटी विचारलं.

"ते घर नाही," मालकीण म्हणाली. "ते पैशाचं भाडं आहे. मी तुला घर घेऊ नको म्हणत नाहीये. आम्हालाही घर हवंच होतं, आणि या घराने आम्हाला सुख दिलं, ते मी नाकारणार नाही. पण केवढ्याला घेतेस ते बघून घे. आम्ही नाही बघितलं." मग तिने खिळ्यावरच्या फुलांच्या फितीकडे बोट दाखवलं आणि सगळं सांगितलं.

लेक सोफ्यावर बसली नाही, माझ्या स्टुलावर येऊन बसली, त्या तुकड्यांनी फुगलेल्या उशीवर. मग तिने विचारलं, "आई, पंधरा वर्षांचं घेतलं तर ही केवढी होईल?"

"घर लहान घ्यावं लागेल."

"घराचं नाही विचारत. लाल केवढं होईल?"

दोघी मिळून पुन्हा फोन लावायला बसल्या. लेकीने पुढे चौथ्या मजल्यावरचं, एका खोलीने कमी असलेलं घर घेतलं. हप्ता तिला टोचतो, ती तसं बोलूनही दाखवते. पण तिच्या घरी जी फीत लागली आहे ती दारापासून खिडकीपर्यंतच पोचते, आणि तिच्यातलं लाल लवकर हटतं.

आमच्या घरात आणखी एक गोष्ट झाली. नोकरी सोडल्याचे पैसे लिफ्टवाल्याला मिळाले. समुद्रासाठी ठेवले होते ते. थोडे खांद्याच्या उपचाराला काढले आणि लाखभर तो बँकेत घेऊन गेला, मुद्दलात. सहा हप्त्यांनाही कमी पडतील एवढे पैसे. घरी आला तो जिने चढून धापा टाकत, पण चेहरा वेगळाच. खिळ्यापाशी गेला, लेकीची वाट न बघता स्वतःच कात्री घेतली, आणि फीत खालून न कापता वर, खिळ्यापाशी धरली.

"नऊ," तो म्हणाला. "मॅडम म्हणाल्या, शेवटचे नऊ गेले."

त्याने वरून नऊ खुणा मोजल्या, कापल्या आणि उरलेली फीत पुन्हा खिळ्याला अडकवली. मालकीण त्या नऊ तुकड्यांकडे बघत राहिली. मग ती हसली. इतक्या वर्षांत मी तिला हसताना पुष्कळदा पाहिलंय, पण त्या दिवशी तिचा खांदासुद्धा हलका झाल्यासारखा वाटला.

तेव्हापासून ती फीत दोन्ही टोकांनी कापली जाते. महिन्याचा एक तुकडा खालून. आणि चार पैसे जास्त सुटले की एखादा वरून. वरचे शिक्षक आता कॉलर उलटवायला आले की आधी खिळ्याकडे बघतात.

मी अजून चालतेय. पट्टा दोनदा बदलला, मोटर तापते, सुईखाली चुकून सैल टाका पडतो. मालकीण आता सकाळीच थोडंसं शिवते आणि दुखलं की उठते. तिला उठताना बघून मास्तर खूश झाले असते. मला राग कोणाचा नाही. मला शिवायला लावलं याचाही नाही, मी त्यासाठीच झाले. फक्त पाचांतल्या चार पँटा कशासाठी, हे आधी माहीत असतं तर सुई जरा वेगळी चालवली असती.

तुम्हीही कधी घर घ्यायला निघाल, घ्याच. भिंतीत आपल्या मनाने खिळा ठोकण्याचं सुख खरं आहे, मी पाहिलंय. पण हप्ता किती हे विचारून झाल्यावर खुर्चीवरून उठू नका. भाजीवाल्याला विचारता तेच विचारा.

फुलाफुलांचे तुकडे मालकीण उशीत कोंबत नाही. खालून कापलेले आणि वरून कापलेले, सगळे माझ्या टेबलाच्या खणात घडी करून ठेवते. फीत संपली की ते जोडून माझं झाकण पुन्हा शिवायचं, असं तिने ठरवलंय. तेही मलाच शिवावं लागणार, दुसरं कोण आहे? पण तेवढी एक शिवण मी आनंदाने घालीन.